नामवंत माजी विद्यार्थी आणि शाळेची भाषा

१

शाळांच्या सुवर्णमहोत्सवी वा शतसांवत्सरिक स्मरणिका चाळू लागल्यास त्यांत एक प्रकरण हटकून आढळते. ते म्हणजे नामवंत माजी विद्यार्थ्यांची नामावली. संस्थेच्या अभिमानापोटी ती रचली जाते, समारंभात वाचली जाते व पुढे विस्मृतीत जाते. अभ्यासक तिच्याकडे सहसा वळत नाहीत. वळलेच तर इतिहासकार किंवा समाजशास्त्रज्ञ वळतात. वस्तुतः भाषेच्या अभ्यासकालाही ती एक उपयुक्त साधन ठरू शकते. मूल एका भाषेतून शाळेत येते, दुसऱ्या भाषेत शिकते आणि तिसऱ्याच एखाद्या भाषेत वा माध्यमात नाव मिळवते, या प्रवासाची दोन टोके अशा नामावलीत गवसतात. मधला टप्पा मात्र अभ्यासकालाच शोधून काढावा लागतो.

प्रस्तुत लेखात या दृष्टीने मुंबई बंदराभोवतीच्या कॅथलिक शाळांचा, त्यातही मुलांच्या शाळांचा, विचार केला आहे. या शाळांच्या नामावल्या मोठ्या व सर्वज्ञात आहेत. शिवाय बंदराच्या एका तीरावर मुंबई व दुसऱ्या तीरावर उरण अशी रचना असल्याने बोली, प्रमाणभाषा आणि इंग्रजी यांचे परस्परसंबंध येथे विशेष स्पष्टपणे दिसतात. लेखाचे प्रतिपाद्य थोडक्यात असे : शाळा कोणत्या प्रकारचे ‘नामवंत’ घडवते, आणि घडलेल्यांपैकी कोणाची ‘नामवंत’ म्हणून नोंद होते, या दोन्ही गोष्टींवर शाळेच्या माध्यमभाषेचा ठसा असतो.

२

आरंभी शब्दांचा विचार करणे इष्ट होय. इंग्रजीत रूढ असलेला ‘अलम्नस’ हा शब्द लॅटिनमधील ‘पोसणे’ या अर्थाच्या धातूपासून आला आहे. मूळ अर्थ ‘पोसलेले मूल’. त्याच धातूशी नाते सांगणारा ‘अल्मा मातर’ हा शब्दप्रयोग शाळेला पोसणाऱ्या मातेच्या जागी बसवतो. मराठीतील ‘माजी विद्यार्थी’ या जोडशब्दात हा भाव नाही. ‘माजी’ हा मूळचा अरबी शब्द फारसीच्या द्वारे मराठीत आला. त्याचा अर्थ ‘गत, होऊन गेलेला’ एवढाच. म्हणजे लॅटिन शब्द नाते सांगतो, मराठी शब्द केवळ काळ सांगतो. मराठी भाषक हे नाते दाखवतो ते ‘अमुक शाळेचा’ या षष्ठी विभक्तीने. ‘तो झेवियर्सचा’ असे म्हटले की पुढे काही सांगावे लागत नाही.

याहून उद्बोधक आहे तो ‘कॉन्व्हेंट’ हा शब्द. त्याचा मूळ अर्थ जोगिणींचा मठ. त्यावरून जोगिणींनी चालविलेली मुलींची शाळा. मराठीत मात्र त्याचा अर्थविस्तार होऊन कोणत्याही इंग्रजी माध्यमाच्या शाळेस ‘कॉन्व्हेंट’ म्हणण्याचा प्रघात पडला. ज्या शाळांत मठ नाही, जोगिणी नाहीत, किंबहुना ज्यांचा ख्रिस्ती धर्माशी काहीच संबंध नाही, अशा शाळाही हे नाव लावतात. याच्या उलट, धर्मगुरूंनी चालविलेल्या मुलांच्या शाळा मूळ अर्थाने कधीच कॉन्व्हेंट नव्हत्या. तथापि ‘कॉन्व्हेंटमध्ये शिकलेला’ हे विशेषण त्यांच्या विद्यार्थ्यांनाही सर्रास लावले जाते. मराठी समाजाने या शाळांचे कॅथलिक असणे गौण मानले व इंग्रजी असणे प्रधान मानले, ही गोष्ट या एका शब्दाच्या अर्थांतरातून सिद्ध होते.

३

आता प्रदेशाकडे वळू. उरण हे जुन्या करंजा बेटावरील गाव. पोर्तुगीजांचा अंमल, त्यानंतर मराठ्यांची सत्ता आणि साळबाईच्या तहाने (१७८२) साष्टीसह करंजावर कायम झालेला इंग्रजांचा ताबा, असा त्याचा राजकीय क्रम आहे. पोर्तुगीज काळात वसई, साष्टी, मुंबई व करंजा या पट्ट्यात जे स्थानिक लोक ख्रिस्ती झाले त्यांनी पोर्तुगीज नावे घेतली, परंतु घरातील बोली मराठीच राखली. मुंबई परिसरातील या समाजाने १८८७ साली, व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाच्या सुवर्णमहोत्सवाच्या सुमारास, ‘ईस्ट इंडियन’ हे नाव अधिकृतपणे स्वीकारले. गोव्याहून नोकरीसाठी येणाऱ्या कॅथलिकांपासून आपले वेगळेपण दाखविणे हा त्यामागील एक प्रमुख हेतू होता. डिसोझा, परेरा अशी आडनावे लावणारा, पण घरात मराठीची बोली बोलणारा हा समाज भाषाभ्यासकांच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे.

उरणच्या परिसरात याखेरीज आगरी व कोळी समाजांच्या बोली आहेत. त्यांत प्रमाण मराठीतील ‘ण’च्या जागी ‘न’ आणि ‘ळ’च्या जागी ‘ल’ येतो. ‘पाणी’ हे ‘पानी’ होते व ‘शाळा’ ही ‘शाला’. अशा घरातील मूल मराठी शाळेत जाते तेव्हाही ते एका भाषिक रूपातून दुसऱ्या रूपात प्रवेश करीत असते. फर्ग्युसन यांनी १९५९ साली एकाच भाषेच्या उच्च व सामान्य अशा दोन रूपांच्या कार्यविभागणीची जी मीमांसा केली, ती जशीच्या तशी येथे लागू होत नसली तरी या अवस्थेचे आकलन होण्यास तिचा उपयोग होतो. उरणचे मूल इंग्रजी शाळेत गेले तर या प्रवासाचे टप्पे दोन होतात, आणि पुष्कळदा मधला टप्पा, म्हणजे प्रमाण मराठीचा, गाळलाच जातो.

४

मुंबईतील कॅथलिक मुलांच्या शाळा मुख्यतः एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात उभ्या राहिल्या. वांद्र्याचे सेंट स्टॅनिस्लॉस १८६३ मध्ये, माझगावचे सेंट मेरीज १८६४ मध्ये आणि धोबीतलावाजवळील सेंट झेवियर्स १८६९ मध्ये सुरू झाले. पुण्याचे सेंट व्हिन्सेंट्स हे १८६७ चे. या चारही शाळा जेझुइट संघाच्या होत. कुलाब्याच्या कॅम्पियन शाळेची स्थापना त्याच संघाच्या फादर सावाल यांनी १९४३ मध्ये केली. माटुंग्याची डॉन बॉस्को ही शाळा सलेशियन संघाची आहे.

या शाळांतील इंग्रजीविषयी एक गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. मुंबईतील जेझुइट धर्मगुरू पहिल्या महायुद्धापर्यंत बहुतांशी जर्मन भाषक होते. युद्धकाळात त्यांना येथून जावे लागले व पुढे त्यांची जागा स्पेनमधून आलेल्या धर्मगुरूंनी घेतली. सेंट झेवियर्स महाविद्यालयात १९२६ साली भारतीय इतिहास संशोधन संस्था स्थापणारे फादर हेरास हे त्यांपैकीच एक. म्हणजे शिकविणाऱ्या धर्मगुरूंपैकी अनेकांची मातृभाषा जर्मन वा स्पॅनिश, शिकणाऱ्याची मराठी, गुजराती, कोंकणी वा उर्दू, आणि दोघांमधला व्यवहार मात्र इंग्रजीत. येथील इंग्रजी ही अनेकदा दोन्ही पक्षांची शिकून मिळविलेली भाषा होती. मुंबई विद्यापीठाची (स्थापना १८५७) प्रवेशपरीक्षा आणि तीवर अवलंबून असलेल्या नोकऱ्या यांमुळे ती भाषा अपरिहार्य झाली. धर्मप्रसारापेक्षा परीक्षेचा हा रेटाच माध्यम ठरविण्यात अधिक प्रभावी ठरला असे म्हणता येईल. कारण या शाळांत पारशी, हिंदू, मुसलमान, ज्यू अशा सर्वच समाजांतील मुले येत होती, आणि ती यावीत अशीच पालकांची इच्छा होती.

५

या शाळांच्या नामावल्यांतील काही नावे आता पाहावीत.

सेंट मेरीज शाळेचे झुबिन मेहता (जन्म १९३६) हे वडील मेहली मेहता यांच्याकडून पाश्चात्य संगीताचा वारसा घेऊन १९५४ मध्ये व्हिएन्नाला गेले. पुढे लॉस एंजेलिस (१९६२ ते १९७८) व न्यूयॉर्क (१९७८ ते १९९१) येथील प्रख्यात वाद्यवृंदांचे ते संचालक झाले. त्याच शाळेचे डॉम मोराईस (१९३८–२००४) यांना १९५८ साली इंग्लंडमधील हॉथॉर्नडेन पारितोषिक मिळाले, तेव्हा ते विशीत प्रवेश करीत होते. सेंट झेवियर्सचे सुनील गावसकर (जन्म १९४९) हे शालेय क्रिकेटमधील धावांच्या राशींमुळे प्रथम गाजले. १९६६ साली ते देशातील सर्वोत्तम शालेय क्रिकेटपटू ठरले. १९७१ च्या वेस्ट इंडीज दौऱ्यात त्यांनी ७७४ धावा केल्या, आणि १९८७ मध्ये कसोटी क्रिकेटमध्ये दहा हजार धावा पूर्ण करणारे ते पहिले फलंदाज झाले. डॉन बॉस्कोचे रवी शास्त्री (जन्म १९६२) यांच्या नेतृत्वाखाली त्या शाळेने १९७७ मध्ये जाइल्स ढाल प्रथमच जिंकली. आदल्या वर्षी अंतिम सामन्यात त्यांना हरविणारा संघ सेंट मेरीजचा होता.

रतन टाटा (१९३७–२०२४) यांचे नाव या संदर्भात एक वेगळा प्रश्न उभा करते. ते आठवीपर्यंत कॅम्पियनमध्ये होते, त्यानंतर मुंबईचीच कॅथीड्रल शाळा, सिमल्याची बिशप कॉटन आणि न्यूयॉर्कची रिव्हरडेल अशा तीन शाळांतून गेले. मग ते कोणत्या शाळेचे? प्रत्येक नामावलीचे उत्तर ‘आमचे’ हेच असणार. नामावली ही निरपेक्ष मोजणी नसून निवड असते, हे यावरून उघड होते.

ही निवड कोणत्या क्षेत्रांत पडते ते पाहिले म्हणजे भाषेचा प्रश्न समोर येतो. पाश्चात्य संगीत, इंग्रजी काव्य, क्रिकेट, उद्योग, चित्रपट, सैन्य ही क्षेत्रे वारंवार येतात. त्यांपैकी काहींत शब्दांचे महत्त्व दुय्यम आहे, तर काहींत इंग्रजी हीच व्यवहाराची भाषा आहे. मराठी साहित्य, मराठी पत्रकारिता, मराठी रंगभूमी येथील नावे त्या मानाने विरळ दिसतात. फिशमन यांनी १९६५ मध्ये ‘कोण, कोणाशी, कोणत्या भाषेत व केव्हा बोलतो’ असा प्रश्न मांडून भाषेची कार्यक्षेत्रे वेगळी करून दाखविली. त्या विचारानुसार पाहता, या शाळांनी ज्या कार्यक्षेत्रांचे दार उघडले तेथेच त्यांचे विद्यार्थी चमकले. यात आश्चर्य काही नाही. मात्र नामावली वाचणाऱ्याला हे कारण दिसत नाही, केवळ गुणवत्ता दिसते.

येथे एक अपसमज टाळावयास हवा. इंग्रजी शाळेने मातृभाषा पुसून टाकली असा सरसकट निष्कर्ष काढता येत नाही. डॉम मोराईस यांच्या बाबतीत इंग्रजी ही जवळजवळ एकमेव भाषा होती हे खरे. पण तेथे घरही इंग्रजीचेच होते, वडील फ्रँक मोराईस हे इंग्रजी वृत्तपत्रसृष्टीतील अग्रगण्य संपादक. उलट गावसकर यांनी १९७६ मध्ये आत्मवृत्त इंग्रजीत लिहिले, आणि १९८० साली ‘सावली प्रेमाची’ या मराठी चित्रपटात नायकाची भूमिकाही केली. घराने राखलेली भाषा शाळेने हिरावली नाही. शाळेने फक्त लेखणीची भाषा ठरविली. बोलणे आणि लिहिणे यांची ही फारकत या नामावल्यांचे खरे वैशिष्ट्य होय.

६

या फारकतीचे सर्वांत बोलके उदाहरण निसीम इझिकेल (१९२४–२००४) यांचे आहे. भायखळ्याच्या अँटोनिओ डिसोझा या कॅथलिक शाळेत त्यांचे शिक्षण झाले. ते बेने इस्राएल समाजातील. हा ज्यू समाज कुलाबा, म्हणजे आजच्या रायगड, जिल्ह्याच्या किनाऱ्यावर शतकानुशतके राहिला. तेलाचे घाणे चालविणारा व शनिवार पाळणारा म्हणून ‘शनवार तेली’ या नावाने ओळखला गेला. पेणकर, रोहेकर अशी गावांवरून आलेली आडनावे त्याने धारण केली. त्याची भाषा मराठी. या समाजाचा मूळ प्रदेश उरणपासून फार लांब नाही.

मराठीभाषक ज्यू समाजातील हा मुलगा कॅथलिक शाळेत इंग्रजी शिकतो आणि स्वातंत्र्योत्तर भारतीय इंग्रजी कवितेचा एक प्रवर्तक होतो. त्यांचा पहिला संग्रह १९५२ मध्ये निघाला; साहित्य अकादेमीचा पुरस्कार त्यांना १९८३ साली मिळाला तो इंग्रजीसाठी. मात्र दोन गोष्टी भाषाभ्यासकाने नोंदवून ठेवाव्यात. एक, भारतीय माणसे प्रत्यक्षात जशी इंग्रजी बोलतात त्या ढंगाला, विशेषतः अपूर्ण क्रियापदरूपांच्या सढळ वापराला, त्यांनी काही कवितांत जाणीवपूर्वक स्थान दिले. शाळेने शिकविलेले प्रमाण इंग्रजी आणि रस्त्यावरचे इंग्रजी यांतील अंतर त्यांच्या कानांनी अचूक टिपले होते. दोन, वृंदा नाबर यांच्या सहकार्याने त्यांनी इंदिरा संत यांच्या कवितांचा इंग्रजी अनुवाद केला, तो १९७५ मध्ये प्रसिद्ध झाला. समाजाची भाषा त्यांच्या लेखनात परतली ती अनुवादाच्या वाटेने. शाळेच्या नामावलीत ‘इंग्रजी कवी’ एवढीच नोंद होते; मराठीशी असलेले हे नाते त्या दोन शब्दांत मावत नाही.

७

आतापर्यंतची उदाहरणे इंग्रजी शाळांतील आहेत. कॅथलिक शाळा म्हणजे इंग्रजी शाळा हे समीकरण मात्र खरे नाही, आणि तुलनेसाठी मराठी माध्यमाची कॅथलिक शाळा पाहणे आवश्यक ठरते. असे उदाहरण वसई तालुक्यातील नंदाखाल येथे मिळते. फादर फ्रान्सिस दिब्रिटो (१९४२–२०२४) यांचे शालेय शिक्षण नंदाखालच्या संत जोसेफ मराठी शाळेत झाले. या भागातील कॅथलिक समाजाची घरची बोली सामवेदी अथवा कादोडी. शाळेची भाषा प्रमाण मराठी. आणि त्या काळी उपासनेची भाषा लॅटिन. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर (१९६२–१९६५) उपासनेत स्थानिक भाषांना वाव मिळाला, आणि मराठी ही देवळातलीही भाषा झाली.

या तिहेरी भाषास्थितीतून आलेल्या दिब्रिटो यांची १९७२ मध्ये धर्मगुरू म्हणून दीक्षा झाली. त्यांनी दीर्घकाळ ‘सुवार्ता’ या मराठी मासिकाचे संपादन केले आणि ‘सुबोध बायबल’ या नावाने बायबलचे मराठीत रूपांतर केले. जानेवारी २०२० मध्ये उस्मानाबाद (आताचे धाराशिव) येथे भरलेल्या त्र्याण्णवाव्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांना लाभले. फादर स्टीफन्स यांचे ‘क्रिस्तपुराण’ १६१६ साली राशोल येथे छापले गेले. चार शतकांनंतर एक कॅथलिक धर्मगुरू मराठी सारस्वताच्या सर्वोच्च व्यासपीठावर बसला, ही घटना ग्रंथपरंपरेच्या दृष्टीने लक्षणीय आहेच. परंतु तिच्या मुळाशी एक साधी शालेय वस्तुस्थितीही आहे. ज्या मुलाची अक्षरओळख, व्याकरण व निबंधलेखन मराठीत झाले, त्याला पुढे मराठीत लिहिण्यासाठी वेगळा प्रयास करावा लागला नाही.

एका उदाहरणावरून नियम सिद्ध होत नाही हे येथे स्पष्ट करणे आवश्यक आहे. मराठी माध्यमामुळेच दिब्रिटो लेखक झाले असे म्हणणे धाडसाचे ठरेल. त्याच शाळेतील इतर शेकडो मुले लेखक झाली नाहीत. शिवाय मराठी माध्यम म्हणजे केवळ मराठीतच लेखन असेही नाही. कोल्हापूरच्या राजाराम हायस्कूलमध्ये मराठीतून शिकलेल्या अरुण कोलटकरांनी (१९३२–२००४) मराठी व इंग्रजी दोन्ही भाषांत थोर कविता लिहिली. त्यांना १९७७ चे राष्ट्रकुल काव्य पारितोषिक इंग्रजी संग्रहासाठी आणि पुढे साहित्य अकादेमीचा पुरस्कार मराठी संग्रहासाठी मिळाला. या तुलनेतून एक मर्यादित अनुमान तेवढे संभवते : मराठीतून शिकलेल्याला इंग्रजी लेखनाकडे जाण्याचा मार्ग उच्च शिक्षण व व्यवसाय यांमुळे पुढेही खुला राहतो, इंग्रजीतून शिकलेल्याला मराठी लेखनाकडे येण्याचा मार्ग त्या मानाने अरुंद असतो, कारण त्याच्या पुढील आयुष्यात मराठी लेखनाची सक्ती वा सवय लावणारी दुसरी संस्था नसते. हे अनुमान पारखून पाहण्यासारखे आहे.

८

ते पारखावे कसे? उरण हे त्यासाठी योग्य क्षेत्र आहे. शेवा येथील बंदर १९८९ मध्ये कार्यान्वित झाले. १२ जानेवारी २०२४ रोजी शिवडीहून येणारा सागरी सेतू व उरणपर्यंतची रेल्वे ही दोन्ही एकाच दिवशी सुरू झाली. मोरा बंदरातून भाऊच्या धक्क्यास जाणाऱ्या लाँचवर एके काळी ज्याचे मुंबईशी येणेजाणे अवलंबून होते, तो तालुका आता महानगराचा भाग होत आहे. मिठागरे व भातशेती यांवर जगणाऱ्या घरांतील मुले कोणत्या भाषेच्या शाळेत जातात आणि त्यांच्या बोलींचे काय होते, हा प्रश्न या पिढीतच अभ्यासला गेला पाहिजे. पुढील पिढीत तो केवळ इतिहासाचा विषय उरेल.

अशा अभ्यासासाठी शाळेची नामावली व शाळेचे दाखलपुस्तक एकत्र वाचावे लागेल. राज्यातील शाळा सोडल्याच्या दाखल्यात मातृभाषेचा रकाना असतो. परंतु आगरी घरातील, ईस्ट इंडियन घरातील आणि पुण्याहून बदलीवर आलेल्या घरातील अशी तिन्ही मुले त्या रकान्यात ‘मराठी’ या एकाच शब्दाने नोंदली जाऊ शकतात. म्हणून संशोधकाने प्रत्येक माजी विद्यार्थ्याविषयी किमान पाच गोष्टी स्वतंत्रपणे विचारून घ्याव्यात : घरची बोली, वर्गातील भाषा, मैदानावरची भाषा, उपासनेची भाषा आणि उपजीविकेची भाषा. सहावी गोष्ट लेखनाची. पत्र, टिपण, हिशेब यांपैकी काहीही असो, माणूस स्वतःसाठी लिहितो ते कोणत्या भाषेत? या सहा उत्तरांत जेथे खंड पडतो तेथे बोलीची गळती सुरू झालेली असते.

ही विचारपूस केवळ नामवंतांपुरती ठेवून चालणार नाही. नामवंत हे व्याख्येनेच अपवाद असतात, आणि अपवादांवरून भाषेची सर्वसाधारण स्थिती कळत नाही. गावसकर किंवा इझिकेल यांच्या वर्गातील जे विद्यार्थी बँकेत, गोदीत, रेल्वेत गेले, त्यांची भाषिक चरित्रे कोठेही लिहिली गेलेली नाहीत. वास्तविक बोली टिकविण्याचे वा सोडण्याचे काम त्यांनीच केले. नामावली हे अभ्यासाचे प्रवेशद्वार म्हणून उत्तम आहे, कारण त्यातील व्यक्तींची चरित्रे उपलब्ध असतात व त्यांवरून प्रश्न निश्चित करता येतात. उत्तरे मात्र दाखलपुस्तकातील अनामिक नावांकडेच मागावी लागतील. उरण तालुक्यातील एखाद्या शाळेच्या चाळीस-पन्नास वर्षांच्या दाखलपुस्तकावर असे काम झाल्यास, माध्यमभाषेविषयी आज जी चर्चा अभिनिवेशाने होते तिला तथ्यांचा आधार मिळेल. पदव्युत्तर विद्यार्थ्याच्या एका प्रबंधिकेच्या आवाक्यातील हे काम आहे.